खेळाचा कप्पा : संगणक व मोबाइल यांवरील कार्यक्रमांच्या वर्गीकरणाचा एक प्रश्न

१. प्रश्नाचे स्वरूप

ग्रंथालयात नवा ग्रंथ दाखल झाला की वर्गीकार त्यास वर्गांक देतो आणि त्या वर्गांकाने ग्रंथाची फडताळावरील जागा निश्चित होते. जागा चुकली तर ग्रंथ हरवल्यासारखाच होतो, हे खरे. परंतु चुकीच्या जागी ठेवल्याने ग्रंथातील मजकूर बदलत नाही, की तो वाचण्यास कोणास बंदी होत नाही. संगणक आणि मोबाइल यांवरील कार्यक्रमांची, म्हणजे ज्यांना आज सर्वत्र ‘ॲप’ म्हणतात त्यांची, गोष्ट निराळी आहे. तेथे एखादे ॲप ‘खेळ’ या वर्गात गेले की त्याची केवळ जागा ठरते असे नव्हे. यंत्राची किती शक्ती त्याच्या वाट्यास यावी, घरातील मुलाने ते किती वेळ वापरावे, इतकेच नव्हे तर काही देशांत ते कोणत्या वारी आणि कोणत्या घटकेस चालावे, हेही त्या एका शब्दावरून ठरते. वर्गनामाला असे कार्यकारी सामर्थ्य प्राप्त झाले असता वर्गीकरणशास्त्राच्या अभ्यासकाने त्याकडे दुर्लक्ष करून चालणार नाही.

प्रस्तुत लेखात तीन प्रश्नांचा विचार केला आहे. ‘खेळ’ हा वर्ग यंत्रांवर कोणत्या गरजेतून निर्माण झाला? अमुक ॲप हे खेळ आहे, हे ठरविण्याचा अधिकार कोणाकडे असतो? आणि एकाच वर्गनामाकडून आज जी अनेक कामे करून घेतली जातात ती त्याला झेपण्यासारखी आहेत काय?

२. शब्दाची व्याप्ती

मराठीत ‘खेळ’ या शब्दाची व्याप्ती फार मोठी आहे. मुले भातुकलीचा खेळ मांडतात, डोंबारी रस्त्यावर खेळ करतो, तमाशाचा खेळ रात्रभर चालतो आणि चित्रपटगृहात पहिला खेळ दुपारी सुरू होतो. पत्ते, कबड्डी आणि बुद्धिबळ हेही खेळच. यांत कोठे चढाओढ आहे, कोठे नाही. कोठे नियम काटेकोर आहेत, कोठे ते जागच्या जागी रचले जातात. आणि तमाशाच्या व चित्रपटाच्या बाबतीत तर बहुसंख्य लोक खेळत नसून पाहत असतात. मोबाइलवरील करमणुकीसाठी बोलण्यात ‘गेम’ हा इंग्रजी शब्द रूढ झाला, याचे एक कारण कदाचित हेच असावे की ‘खेळ’ या शब्दाच्या मानाने त्याचा अर्थ मराठी माणसास अधिक आटोपशीर वाटतो.

अर्थात इंग्रजीतही तो आटोपशीर नाही. लुडविग विट्गेनश्टाइन याच्या १९५३ साली प्रसिद्ध झालेल्या ‘फिलॉसॉफिकल इन्व्हेस्टिगेशन्स’ या ग्रंथातील विवेचन सुपरिचित आहे. सर्व खेळांना समान असा एकही गुणधर्म दाखविता येत नाही. एका कुटुंबातील माणसांत कोणाचे नाक, कोणाची चाल, कोणाचा आवाज जुळावा, तसे खेळांचे परस्परसाम्य असते, असा त्याचा आशय. ज्या वर्गाला एकच व्यवच्छेदक लक्षण नाही, त्याची सीमा कोणत्या ना कोणत्या कामासाठी कोणीतरी आखून घ्यावी लागते.

मेल्विल ड्युई याने १८७६ साली प्रसिद्ध केलेल्या दशांश वर्गीकरणाची आजची मांडणी पाहिली तरी हेच दिसते. तीत ७९४ या अंकाखाली कौशल्याचे बैठे खेळ, ७९५ खाली दैवाधीन खेळ आणि ७९६ खाली मैदानी खेळ येतात. बुद्धिबळ ७९४.१ येथे आहे आणि संगणकावरील खेळांसाठी ७९४.८ हा अंक आहे. पण पत्त्यांचे सर्व खेळ ७९५.४ खाली घातल्यामुळे ब्रिजसारखा स्मरण आणि अनुमान यांची कसोटी पाहणारा खेळही दैवाधीन खेळांच्या पंक्तीस बसला आहे. फडताळावर ही विसंगती कोणास फारशी जाचत नाही. कौशल्य आणि दैव यांतील हाच भेद न्यायालयात गेला म्हणजे मात्र त्याचे मोल किती वाढते, हे पुढे दिसेल.

३. सामाईक संगणकावरील कप्पा

खेळांसाठी वेगळा कप्पा करण्याची प्रथा मोबाइलपेक्षा फार जुनी आहे. बेल प्रयोगशाळेत तयार झालेल्या युनिक्स या प्रणालीची सातवी आवृत्ती १९७९ साली निघाली. तिच्या माहितीपुस्तकाचा सहावा विभाग केवळ खेळांना दिलेला होता, आणि युनिक्सच्या परंपरेतील प्रणालींत हा क्रमांक आजही खेळांकडेच आहे. लिनक्सच्या विविध रूपांनी फाइलींच्या मांडणीसाठी जे प्रमाण स्वीकारले आहे, त्यातही ‘गेम्स’ नावाच्या ऐच्छिक कप्प्याची तरतूद आहे. त्या कप्प्याच्या वर्णनात खेळांबरोबर शैक्षणिक कार्यक्रमांचाही उल्लेख आहे, ही गोष्ट लक्षणीय होय. शिक्षण आणि क्रीडा यांची सरमिसळ आजच्या ॲपांपासून सुरू झाली असा जो समज आढळतो, त्यास यातून उत्तर मिळते.

हा कप्पा वेगळा का ठेवला गेला? त्या काळी एक संगणक अनेकांत सामाईक असे. एकाने खेळात यंत्र गुंतविले की दुसऱ्याचे गणित रेंगाळे. या अडचणीवर बर्कली येथील विद्यापीठात विकसित झालेल्या युनिक्समध्ये १९८० च्या दशकाच्या अखेरीस ‘डीएम’ नावाचा एक छोटा कार्यक्रम योजण्यात आला. त्याची रचना मार्मिक होती. खेळांचे मूळ कार्यक्रम एका बंद कप्प्यात ठेवले जात आणि त्यांच्या नावांनी केवळ दुवे उघड्या कप्प्यात मांडले जात. वापरणाऱ्याने खेळाचे नाव लिहिले की प्रत्यक्षात खेळ सुरू न होता ‘डीएम’ सुरू होई. तो नियमांची फाइल वाची : कोणत्या दिवशी कोणत्या तासांत खेळण्यास मनाई आहे, कोणत्या टर्मिनलवरून खेळता येणार नाही, यंत्रावरील भार किती असेपर्यंत अमुक खेळास परवानगी आहे, एका वेळी किती जणांनी तो खेळावा. अटी पुऱ्या होत असतील तरच मूळ खेळ सुरू केला जाई. याखेरीज एका ठराविक नावाची फाइल निर्माण केली की सर्व खेळ एकदम बंद होत.

दुसरी गरज गुणनोंदीची होती. उच्चांकांची यादी सर्वांना सामाईक असे. ती कोणासही थेट लिहिता आली असती तर ती विश्वसनीय राहिली नसती. म्हणून ‘गेम्स’ या नावाचा एक वेगळा गट प्रणालीत नोंदविला जाई, गुणांची फाइल त्या गटाच्या मालकीची असे आणि खेळ चालू असताना तेवढ्यापुरता त्या गटाचा अधिकार कार्यक्रमास मिळे. खेळाडूला स्वतःला मात्र तो मिळत नसे.

यावरून एक महत्त्वाचा भेद हाती येतो. ग्रंथालयातील वर्ग हा मुख्यतः शोधासाठी असतो. वाचकाचा वेळ वाचविणे हे डॉ. एस. आर. रंगनाथन यांनी १९३१ साली मांडलेल्या पाच सूत्रांपैकी चौथ्या सूत्राचे तात्पर्य आहे. युनिक्सवरील खेळांच्या वर्गाने शोधाची सोय केली, परंतु नियमन आणि संरक्षण ही दोन कामेही त्याच्याकडे होती. ‘शोधासाठी वर्ग’ आणि ‘नियमनासाठी वर्ग’ हा भेद ध्यानात ठेवला म्हणजे पुढील इतिहास उलगडणे सोपे जाते.

४. वैयक्तिक संगणक आणि शोधाची सोय

संगणक एकेका माणसाच्या मेजावर आला तेव्हा नियमनाची निकड काही काळ मावळली. १९९० साली निघालेल्या विंडोज ३.० मध्ये ‘गेम्स’ हा चित्रांचा एक गट होता आणि त्यात पत्त्यांचा सॉलिटेअर हा खेळ ठेवलेला असे. हा कप्पा निव्वळ सोयीचा होता. त्यातील चित्र उचलून दुसऱ्या गटात ठेवण्यास कोणाची आडकाठी नव्हती.

२००७ च्या आरंभी सर्वांसाठी खुल्या झालेल्या विंडोज व्हिस्टामध्ये या साध्या कप्प्याचे एका व्यवस्थित सूचीत रूपांतर करण्याचा प्रयत्न झाला. ‘गेम एक्सप्लोरर’ असे त्याचे नाव. खेळ तयार करणाऱ्याने आपल्या कार्यक्रमात एक परिचयपत्र समाविष्ट करावे आणि त्यात खेळाचे नाव, प्रकार, निर्माता, वयोगटाचे मानांकन इत्यादी तपशील ठराविक नमुन्यात लिहावेत, अशी योजना होती. प्रणाली ते परिचयपत्र वाचून खेळाची नोंद करी आणि पालकांनी घातलेली बंधने त्यातील मानांकनावरून अमलात आणी. ग्रंथालयाच्या परिभाषेत सांगावयाचे तर ही प्रकाशनपूर्व तालिकीकरणाचीच कल्पना होती. तथापि सूचीचे यश नोंद करणाऱ्यांच्या सातत्यावर अवलंबून असते. खेळ विकणाऱ्या स्वतंत्र दुकानांनी आपापल्या सूची निर्माण केल्या, खेळाडू त्यांतूनच खेळ सुरू करू लागले, आणि २०१८ साली विंडोज १० च्या १८०३ या आवृत्तीतून गेम एक्सप्लोरर काढून टाकण्यात आला.

अशा दुकानांपैकी २००३ साली सुरू झालेल्या ‘स्टीम’चे उदाहरण विचारात घेण्यासारखे आहे. २०१४ पासून तेथे खेळाडूंना स्वतःच खेळांना खूणशब्द लावता येतात. निर्मात्याने ठरविलेल्या वर्गाशेजारी हजारो वाचकांनी केलेले वर्गीकरण उभे राहते. शिवाय आपल्या संगणकावरील बाहेरचा कोणताही कार्यक्रम खेळांच्या यादीत घालण्याची मुभा तेथे आहे. चित्रे रंगविण्याचा किंवा हिशेबाचा कार्यक्रमही तेथे खेळ म्हणून नांदू शकतो. लिनक्सच्या मेज-प्रणालींनी निराळा मार्ग स्वीकारला. तेथे प्रत्येक कार्यक्रमाबरोबर एक लहान वर्णनफाइल असते आणि तीत एकाहून अधिक वर्ग लिहिता येतात. ‘शिक्षण’ आणि ‘खेळ’ असे दोन्ही वर्ग लिहिल्यास तो कार्यक्रम दोन्ही यादीत दिसू शकतो. ग्रंथाची प्रत एक आणि तालिकेतील नोंदी दोन, हा ग्रंथपालास परिचित असलेलाच तोडगा होय.

५. मोबाइल : वर्ग ठरवितो कोण?

१९९७ च्या नोकिया ६११० या फोनमध्ये साप वाढविण्याचा ‘स्नेक’ हा प्रसिद्ध खेळ होता. खेळ फोनबरोबरच येत असे, तो खेळ आहे हे कारखानदारानेच ठरविलेले असे, आणि त्यात वादास जागा नव्हती. १० जुलै २००८ रोजी ॲपलचे ॲप स्टोअर सुमारे ५०० ॲपांनिशी उघडले आणि त्याच वर्षी अँड्रॉइडचे दुकानही सुरू झाले. तेव्हापासून फोनवरील कार्यक्रम असंख्य परक्या हातांनी तयार होऊ लागले, आणि त्यांचा वर्ग कोणाच्या शब्दावर ठरवावयाचा, हा प्रश्न खऱ्या अर्थाने उभा राहिला.

अँड्रॉइडने दिलेले उत्तर वर्गीकरणाच्या दृष्टीने उद्बोधक आहे. २०१४ च्या पाचव्या आवृत्तीत ॲपच्या घोषणापत्रात ‘हा खेळ आहे काय?’ एवढ्याच प्रश्नाचे होय किंवा नाही असे उत्तर लिहिण्याची सोय होती. जगातील ॲपांचे दोनच भाग, एक खेळ आणि दुसरा उरलेले सर्व, असा तो द्विभाजनाचा प्रकार होता. २०१७ च्या आठव्या आवृत्तीत ही खूण मागे पडली आणि तिच्या जागी खेळ, ध्वनी, चलच्चित्र, प्रतिमा, समाजमाध्यम, बातम्या, नकाशे आणि कामकाज अशा वर्गांची छोटी यादी आली. ॲपने कोणताच वर्ग लिहिला नसेल तर ज्या दुकानाने ते फोनवर बसविले त्याची सूचना ग्राह्य धरली जाते. तीही नसेल तर प्रणालीजवळ असलेली एक तयार यादी पाहिली जाते. म्हणजे आधी लेखकाचा शब्द, त्याच्या अभावी विक्रेत्याचा, आणि त्याच्याही अभावी ग्रंथपालाचा, अशी ही प्रामाण्याची उतरंड आहे. वापरणाऱ्याचा शब्द तीत कोठेच नाही.

ॲपलच्या फोनवर २०२० साली आलेल्या ‘ॲप लायब्ररी’तही वर्ग आपोआप ठरतात आणि एका वर्गातील ॲप दुसऱ्या वर्गात हलविण्याची मुभा वापरणाऱ्यास नाही. उलट सॅमसंगने २०१६ पासून आपल्या फोनवर दिलेल्या ‘गेम लाँचर’मध्ये खेळ आपोआप गोळा होतात, परंतु अन्य ॲपही वापरणाऱ्यास त्यात घालता येते. ॲप नुसते हाताशी असावे एवढाच हेतू असेल तर हे स्वातंत्र्य निरुपद्रवी आहे. पण वर्गावर यंत्राचे वर्तन अवलंबून असेल तर तेच स्वातंत्र्य सामर्थ्य ठरते.

६. वर्गनामाचे परिणाम

हे वर्तन आता बऱ्याच अंशी वर्गावर अवलंबून आहे. विंडोज १० मध्ये २०१७ साली ‘गेम मोड’ आला. प्रणालीने एखादा कार्यक्रम खेळ म्हणून ओळखला की तो चालू असताना पार्श्वभूमीची काही कामे थोपविली जातात, आणि अद्ययावतीकरणासाठी यंत्र पुन्हा सुरू करण्याच्या सूचना त्या वेळी दिल्या जात नाहीत. प्रणालीस खेळ ओळखता आला नाही तर ‘हा खेळ आहे हे लक्षात ठेव’ अशा अर्थाची खूण वापरणारा स्वतः करू शकतो. ॲपलच्या संगणकांवर २०२३ पासून असाच प्रकार असून पूर्ण पडद्यावर चालणाऱ्या खेळास मुख्य प्रक्रियक आणि चित्रप्रक्रियक यांवर अग्रक्रम मिळतो. अँड्रॉइडमध्ये २०२१ पासून खेळांसाठी गती किंवा बॅटरीची बचत यांपैकी एकाची निवड करण्याची तरतूद आहे. १९८० च्या दशकात ‘खेळ’ ही खूण यंत्राची शक्ती नाकारण्यासाठी होती. आज तीच खूण शक्ती अधिक देण्यासाठी आहे. वर्ग तोच राहिला, हेतू मात्र उलटला.

नियमनाचा जुना हेतू नष्ट झाला असे मात्र नाही. तो यंत्रव्यवस्थापकाकडून पालकाकडे आणि राज्यसंस्थेकडे गेला. ॲपलच्या फोनवर २०१८ पासून पालकास ‘खेळ’ या संपूर्ण वर्गाला रोजची वेळमर्यादा घालता येते. चीनमध्ये ३० ऑगस्ट २०२१ रोजी निघालेल्या आदेशाने अल्पवयीनांना ऑनलाइन खेळ केवळ शुक्रवार, शनिवार, रविवार आणि सार्वजनिक सुट्टीच्या दिवशी, रात्री आठ ते नऊ या वेळातच उपलब्ध करून देण्याचे बंधन कंपन्यांवर आले. ‘डीएम’च्या नियमफाइलीत जे एका विद्यापीठाच्या यंत्रापुरते होते, तेच येथे एका राष्ट्रास लागू झाले.

भारतातील घडामोड वर्गीकरणाच्या दृष्टीने विशेष बोधप्रद आहे. १८६७ च्या सार्वजनिक जुगार कायद्याने निव्वळ कौशल्याचे खेळ आपल्या कक्षेबाहेर ठेवले होते. मुंबई राज्यातील बक्षीस-स्पर्धांच्या प्रकरणातून उद्भवलेल्या चमारबागवाला खटल्यांत सर्वोच्च न्यायालयाने १९५७ साली कौशल्यप्रधान स्पर्धा आणि जुगार यांत स्पष्ट भेद केला. पुढे के. सत्यनारायण खटल्यात रमी हा पत्त्यांचा खेळ प्राधान्याने कौशल्याचा ठरला. म्हणजे ज्या पत्त्यांना ड्युईने दैवाच्या वर्गात बसविले, त्यांतील एकास न्यायालयाने कौशल्याच्या वर्गात नेले. दीर्घकाळ पैशाच्या ऑनलाइन खेळांचा व्यवसाय या भेदाच्या आधारावर उभा होता. २२ ऑगस्ट २०२५ रोजी राष्ट्रपतींची संमती मिळालेल्या ऑनलाइन खेळविषयक कायद्याने विभागणीचे तत्त्वच बदलले. ई-क्रीडा, सामाजिक खेळ आणि पैशाचे खेळ असे भाग त्याने पाडले, आणि पैसे लावून अधिक पैसे मिळविण्याची अपेक्षा जेथे असेल तो खेळ कौशल्याचा असो वा दैवाचा, त्यास मनाई केली. विभाजक लक्षण बदलले की काल एका कप्प्यात असलेल्या वस्तू आज दुसऱ्या कप्प्यात जातात, हा वर्गीकरणाचा मूलभूत नियम. येथे त्याबरोबर एका व्यवसायाचे भवितव्यही बदलले.

७. सीमेवरील उदाहरणे

वर्गनामाचे मोल इतके वाढले की सीमेवरील वस्तूंचे मालक त्या सीमेकडे अतिशय सावधपणे पाहू लागतात. एपिक आणि ॲपल या कंपन्यांत अमेरिकेत चाललेल्या खटल्यात ‘व्हिडिओ खेळ म्हणजे काय’ हा प्रश्न प्रत्यक्ष न्यायासनासमोर आला. १० सप्टेंबर २०२१ च्या निकालपत्रात न्यायाधीश इव्हॉन गोन्झालेझ रॉजर्स यांनी याविषयी कोणाचेच एकमत नसल्याची आणि उद्योगास सर्वमान्य अशी व्याख्या पुराव्यात न आल्याची नोंद केली. तरीही मोबाइलवरील खेळांचे व्यवहार ही एक स्वतंत्र बाजारपेठ मानून निकाल देण्यात आला. व्याख्या नसली तरी वर्ग काम करीत राहतो, याचे याहून स्पष्ट उदाहरण सापडणे कठीण. त्याच खटल्याच्या सुमारास, मे २०२१ मध्ये, रोब्लॉक्स या लोकप्रिय संस्थेने आपल्या संकेतस्थळावरील ‘खेळ’ हा शब्द काढून ‘अनुभव’ हा शब्द योजला. वस्तू तीच राहिली. तिच्यावरील चिठ्ठी बदलली.

याच्या उलट दिशेचे एक उदाहरण ग्रंथालयशास्त्राच्या अभ्यासकास अधिक जिव्हाळ्याचे वाटेल. पत्रकारांच्या स्वातंत्र्यासाठी कार्य करणाऱ्या ‘रिपोर्टर्स विदाउट बॉर्डर्स’ या संस्थेने १२ मार्च २०२० रोजी माइनक्राफ्ट या ठोकळ्यांच्या खेळात एक भव्य ग्रंथालय उभारले. ज्या पत्रकारांचे लेखन त्यांच्या देशांत दडपले गेले होते, त्यांचे लेख तेथे खेळातील पुस्तकांच्या रूपाने ठेवण्यात आले. ज्या देशांत वृत्तपत्रांची संकेतस्थळे बंद केली जातात, तेथेही हा खेळ उपलब्ध असतो, कारण नियंत्रकाच्या दृष्टीने तो केवळ खेळ असतो. वर्गनाम येथे दडविण्याचे साधन झाले आणि त्यामुळेच ज्ञान मोकळे राहिले. या ग्रंथालयास ‘खेळ’ म्हणावे की ‘वाङ्मय’, याचे उत्तर एका शब्दात देऊ पाहणारी प्रत्येक व्यवस्था निम्मी चुकणार, हे उघड आहे.

८. एक वर्ग की अनेक पैलू?

वरील सर्व उदाहरणांतील अडचणीचे मूळ एकच आहे. रचना, हेतू, पैशाचा व्यवहार, वयोगट आणि यंत्रावरील भार या पाच निरनिराळ्या गोष्टींचे उत्तर एका वर्गनामाकडून मागितले जाते. दूरध्वनीच्या दुकानांतही ही ओढाताण दिसते. गूगलच्या दुकानात ॲपांमध्ये ‘शिक्षण’ हा एक वर्ग आहे आणि खेळांमध्ये ‘शैक्षणिक’ हा दुसरा. मुलांना अंक शिकविणारे ॲप यांपैकी कोणत्याही एका बाजूस ठेवले तरी दुसरी बाजू रिकामी राहते. आणि पालकाने खेळांवर घातलेली वेळमर्यादा त्या अंकांच्या धड्यास लागू व्हावी की नाही, हे या निवडीवर अवलंबून राहू शकते.

डॉ. रंगनाथन यांनी १९३३ साली प्रसिद्ध केलेल्या द्विबिंदू वर्गीकरणाचे तत्त्व येथे उपयोगी पडते. विषयास एका तयार खणात न बसविता त्याचे पैलू वेगळे करावेत आणि त्यांच्या जोडणीतून वर्गांक घडवावा, हे ते तत्त्व. ॲपांच्या बाबतीत याचा अर्थ असा की प्रत्येक पैलूची नोंद स्वतंत्र असावी आणि ज्या कामास जो पैलू प्रस्तुत असेल तेवढाच त्याने वाचावा. शक्तीचे वाटप करणाऱ्या प्रणालीने यंत्रावरील भाराचा पैलू पाहावा. हिशेबाच्या जड कार्यक्रमासही तो लाभ मिळण्यास हरकत नसावी. पालकाने वयोगट आणि हेतू पाहावा. कायद्याने पैशाचा व्यवहार पाहावा; भारताच्या २०२५ च्या कायद्याने विभाजक लक्षण म्हणून नेमका हाच पैलू निवडला आहे. आणि केवळ शोधासाठी जो कप्पा असतो तो वापरणाऱ्याच्या हाती पूर्णपणे सोपवावा, कारण आपल्या फडताळावर काय कोठे ठेवले म्हणजे सापडते हे ज्याचे त्यालाच ठाऊक असते.

या योजनेवर एक आक्षेप संभवतो. पैलू जितके अधिक तितकी नोंद कष्टाची, आणि नोंद करणारा कंटाळला की सूची ओस पडते. गेम एक्सप्लोररची कथा याची साक्ष देते. आक्षेप रास्त आहे. परंतु त्यावरून इतकेच निष्पन्न होते की पैलू थोडे आणि निःसंदिग्ध असावेत. वयोगटाचे मानांकन आणि ॲपमधील खरेदीचा उल्लेख दुकानांत आजही स्वतंत्रपणे नोंदला जातोच. उणीव आहे ती या नोंदींना ‘खेळ’ या सर्वसमावेशक शब्दापासून सोडवून त्यांच्या त्यांच्या कामास जोडण्याची.

९. उपसंहार

सामाईक संगणकावरील बंद कप्प्यापासून हातातील फोनवरील आपोआप रचल्या जाणाऱ्या यादीपर्यंत ‘खेळ’ या वर्गाने शोध, नियमन, संरक्षण, अग्रक्रम आणि निषेध अशी नाना कामे केली. प्रत्येक काळी त्याची सीमा वस्तूच्या स्वरूपापेक्षा वर्ग करणाऱ्याच्या हेतूने अधिक आखली गेली. यास्तव एखाद्या यंत्राने वा कायद्याने अमुक वस्तू खेळ आहे असे म्हटले असता, ते विधान खरे की खोटे हे पाहण्यापूर्वी ते कोणी आणि कोणत्या कामासाठी केले हे पाहणे अगत्याचे ठरते. वर्गीकाराने दिलेला अंक ग्रंथाच्या पाठीवर राहतो. यंत्राने दिलेला वर्ग वापरणाऱ्याच्या वेळेवर, पैशावर आणि क्वचित त्याच्या वाचनस्वातंत्र्यावर उमटतो. ज्या शास्त्राने फडताळाच्या शिस्तीसाठी इतकी सूक्ष्म साधने निर्माण केली, त्याच्या अभ्यासकांना या नव्या फडताळापुढे करण्यासारखे काम पुष्कळ आहे.